पाचांपैकी चार गोळ्या

दत्ताकाका, तुम्हाला जाऊन आज एकोणीस दिवस झाले. दिवसवार आटोपले, तुमचा निखिल न्यू जर्सीला परत गेला, लोकांनी आणून दिलेले डबे अश्विनीने घासून ज्यांचे त्यांना पोचवले. रायफल माझ्याकडे आहे. तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी काकूंनीच ती माझ्या गाडीत ठेवायला लावली. आमच्या कपाटात थंडीच्या जॅकेटांच्या मागे ती उभी आहे. शुगर लँडमध्ये ती जॅकेटं वर्षातून चार दिवस लागतात, त्यामुळे तिकडे सहसा कोणी हात घालत नाही. मी मात्र रोज एकदा कपाट उघडून बघतो आणि बंद करतो. फार दमलोय, काका. ऑफिसात बसल्या बसल्या दमतो.

तुम्ही या रायफलीला नापास केलंत. त्याबद्दलच बोलायचं आहे, पण मला थेट मुद्द्यावर येता येत नाही. तुम्ही नेहमी म्हणायचात, या मिलिंदला पाणी मागितलं तर हा विहिरीचा इतिहास सांगतो. सांगू द्या थोडा.

आपली ओळख मंडळाच्या गणपतीतली. स्पीकर करकरत होता आणि तुम्ही सोवळं नेसून टेबलाखाली शिरला होतात, वायर तपासायला. मी टॉर्च धरला. तुम्ही टेबलाखालूनच विचारलंत, काय करतोस. सॉफ्टवेअर टेस्टिंग, मी म्हटलं. ज्येष्ठ मंडळींना हे सांगितलं की त्यांच्या चेहऱ्यावर बरेचदा सहानुभूती येते, पोराला खरं काम अजून मिळालेलं नाही अशी. तुम्ही बाहेर आलात, उपरण्याने घाम पुसलात आणि खूश झालात. दुसऱ्याने केलेल्या वस्तूतली खोट शोधायची आणि लेखी द्यायची, म्हणजे आपण एकाच धंद्यातले, असं म्हणालात. रिफायनरीत तीस वर्षं तुम्ही प्रेशर गेज तपासत होतात. काटा खोटं बोलतोय की काटा वाचणारा, हे ठरवणं हा तुमचा धंदा. निवृत्त झालात पण सवय गेली नाही. काकूंच्या वरणात मीठ जास्त झालं तर आधी तुम्ही चमचा बदलून बघायचात.

मग डिसेंबरात तुमचा फोन आला. एक स्वस्तातली, दर गोळीला हाताने बोल्ट ओढावा लागणारी रायफल बघायची आहे, शनिवारी चल. मला वाटलं थट्टा चाललीय. भंडाऱ्याकडचा, सोमवारी एकवेळ जेवणारा, मटणाचा वाससुद्धा सहन न होणारा माणूस. पण तुम्ही गंभीर होतात. शंभर यार्डांवर कागदावर नेम धरायचा आणि जमलंच तर जेरीच्या रँचवर रानडुक्कर मारायचं. जेरी तुमचा रिफायनरीतला जुना सहकारी. त्याची कुरणं डुकरांनी नांगरल्यासारखी करून टाकली होती आणि तो तुम्हाला दर वर्षी नोव्हेंबरात बोलवत होता. काकूंची एकच अट होती, मेलेलं काहीही स्वयंपाकघरात यायचं नाही.

काउंटरवरचा टोपीवाला मुलगा गरीब बिचारा. तुम्ही बोल्ट चाळीस वेळा मागेपुढे केलात, कान लावून. महागडी रायफल का घेत नाही, असं त्याने विचारलं. तुम्ही म्हणालात, महाग वस्तू सगळेच पास करतात, त्यात परीक्षकाचं काय काम. त्याला ते पटलं नाही, मलाही नव्हतं. आपला तो वाद पुढे वर्षभर चालला. मी म्हणायचो, जिवाशी खेळ असेल तिथे काटकसर कशाला. तुम्ही म्हणायचात, किंमत हा वस्तूचा गुण नाही. तो वाद मिटलेला नाही, बरं का. तुम्ही बोलता बोलता उठून गेलात.

मला तुम्ही शिकारीचं लायसन्स काढायला लावलंत. व्हिसावरच्या माणसाला बंदूक हातात घ्यायची तर ते लागतं, हे तुम्हीच शोधून काढलंत. शनिवार-रविवार वर्गात बसून मी, अंडंही न खाणारा माणूस, हरणाच्या शरीरात हृदय नेमकं कुठे असतं याची परीक्षा दिली. पास झालो. अश्विनीने ते लायसन्स बघितलं आणि नागपूरला आईंना सांगू नकोस एवढंच म्हणाली.

जानेवारीपासून आपण दर शनिवारी सकाळी नेमबाजीच्या रेंजवर. काकूंनी जुन्या साडीच्या दोन पिशव्या शिवून त्यात तांदूळ भरून दिले होते, नळीखाली आणि दस्त्याखाली ठेवायला. शेजारचे लोक चामड्याच्या पिशव्या वापरायचे आणि आपल्या निळ्या काठाच्या पिशव्यांकडे बघायचे. तुमची तपासणी म्हणजे काय सांगावं. चाप किती जोराने ओढावा लागतो हे मोजायला आधी भारतात जाताना बॅगा तोलतो तो काटा आणलात. तो इतक्या हलक्या ओढीला जागचा हलेना, मग कुठून तरी शाळेतल्या प्रयोगशाळेतला ताणकाटा मिळवलात. चाप जड होता, पण दर वेळी तेवढाच जड, म्हणून तुम्ही त्याला माफ केलंत. दस्ता प्लॅस्टिकचा. तो दाबला तर वाकून नळीला टेकतो का, हे बघायला मंडळाच्या हँडबिलाची पट्टी मधून सरकवून बघितलीत. एका जागी अडली. पुढच्या शनिवारी तुम्ही तेवढी जागा पॉलिशपेपरने घासून आणलीत.

आणि रायफल चांगली निघाली. पाच गोळ्या झाडायच्या आणि कागदावरच्या पाच भोकांत जास्तीत जास्त अंतर किती ते मोजायचं, ही आपली रीत. फेब्रुवारी ते जुलै, पाचही भोकं दीड इंचात. तुमची तेवढ्यात, माझी त्याहून थोडी पांगलेली. एवढ्या स्वस्त रायफलीला हे पुष्कळ झालं, असं बाजूच्या बाकावरचा म्हातारा स्वतःहून येऊन सांगून गेला. तुम्ही पुढचा आठवडाभर भेटेल त्याला ते सांगत होतात. वाण्याच्या दुकानातल्या रांगेत भेटलेल्या बाईलासुद्धा तुम्ही सांगितलंत, मी शेजारी उभा होतो.

तुमची अट मात्र कडक होती. आणखी तीन महिने असंच आलं तरच जनावरावर झाडायची. त्याचं कारण तुम्ही मला गाडीत एकदाच सांगितलंत. लहानपणी गावाकडे भाताच्या शेतात, धानाच्या बांध्यांत, डुक्कर शिरलं होतं. कोणीतरी गोळी घातली, ती मागच्या पायात बसली, आणि ते जनावर दोन दिवस रानात ओरडत फिरलं. घरात सगळ्यांना ऐकू यायचं आणि कोणी काही करू शकत नव्हतं. मारायचं तर एका गोळीत, नाहीतर हात लावायचा नाही. मी मारूच नये या मताचा होतो, पण त्या दिवशी मी वाद घातला नाही.

ऑगस्टात भोकं पांगायला लागली. आधी अडीच इंच, मग साडेतीन, मग साडेचार. तुम्ही दर शनिवारी एकच गोष्ट बदलायचात. रायफलीवरच्या दुर्बिणीचे स्क्रू आवळले. नळी साफ केली. काडतुसं दुसरी आणली. दुर्बीणच बदलून बघितली. ऊन असं की बाकाला हात लावला तर चटका बसावा, आणि तुम्ही शर्ट भिजलेला, नळी निवण्याची वाट बघत बसलेले. फरक पडेना.

मला कळलं होतं, काका. मी टेस्टर आहे, तेवढ्याचाच पगार घेतो. तुम्ही चाप ओढायच्या आधी तुमच्या उजव्या हाताची बोटं एकदा आपोआप आखडायची. तुमच्या घरी चहाचा कप तुम्ही डाव्या हाताने उचलायला लागला होतात. काडतूस मॅगझीनमध्ये घालताना दोनदा सुटून खाली पडलं, तेव्हा तुम्ही हसलात आणि वय झालं म्हणालात. मी खाली वाकून ते उचलून दिलं, दोन्ही वेळा.

सप्टेंबरातला तो शनिवार. तुम्ही रायफल माझ्यापुढे सरकवलीत.

“सगळं बदलून झालं. आता नेमबाज तेवढा बदलायचा राहिलाय. तू मार पाच. खोट हिच्यात आहे का माझ्यात, आज ठरवून टाकू.”

भोकं पांगायला लागल्यापासून मी दुर्बीण बदलायला, कागद लावायला, असाच मदतीला असायचो; महिनाभरात हिला हात लावला नव्हता. मी बसलो. तुम्ही बाजूच्या स्टुलावर बसून मोठ्या दुर्बिणीतून कागद बघत होतात. पहिली गोळी झाडली. मधोमध. तुम्ही नुसतं ‘हं’ केलंत. मी मान वळवून बघितलं तर तुम्ही दुर्बिणीवरून डोळा काढला होता, आणि डाव्या हाताने उजवा हात मांडीवर दाबून धरला होता. तुमचा असा चेहरा मी त्याआधी बघितलेला नव्हता. घाबरलेला.

पुढच्या चार गोळ्या मी मुद्दाम वाकड्या मारल्या.

हे लिहायला मला एकोणीस दिवस लागले. एक वर डावीकडे, एक खाली, उरलेल्या दोन उजवीकडे लांब. नीट हिशेबाने, तुमच्याइतक्याच पांगतील अशा. नेम साधायला जेवढं लक्ष लागतं तेवढंच चुकवायलाही लागलं. तुम्ही कागद आणलात, पट्टीने मोजलंत, पावणेपाच इंच आलं, आणि तुम्ही माझ्या पाठीवर थाप मारलीत. तुम्हाला लगेच उपपत्तीसुद्धा सुचली. पहिली गोळी गार नळीतून नीट गेली, मग बारीक नळी तापली आणि भरकटली. अगदी पटण्यासारखं होतं. येताना तुम्ही गाडीत किती बोललात! रिफायनरीतल्या गोष्टी, भारतातल्या तुमच्या थोरल्या बहिणीच्या, अक्काच्या गोष्टी, मला डोसा खायला घातलात. आणि मी स्वतःवर खूश होतो. वडीलधाऱ्या माणसाची लाज राखली, असं वाटत होतं. आमच्या घरात हेच शिकवलेलं. काकांना पत्त्यांत हरवायचं नाही, आजोबांनी चुकीचं सांगितलं तरी हो म्हणायचं. ते संस्कार मी शंभर यार्डांवर नेऊन लावले.

तुम्ही मला नातं म्हणून नव्हतं बसवलं त्या बाकावर. दुसरा परीक्षक म्हणून बसवलं होतं. एवढा साधा फरक मला कळू नये?

जेरीला तुम्ही कळवलंत की यंदा येत नाही, रायफल भरवशाची नाही. मग कंपनीला चार पानी इंग्रजी पत्र लिहिलंत, तक्ते जोडून. त्यांनी सभ्यपणे रायफल मागवून घेतली आणि जानेवारीत परत पाठवली, सोबत त्यांच्या रेंजवरचा कागद. भोकं एका नाण्याखाली झाकली जातील इतकी जवळ. मला वाटलं, आता तुम्हाला कळेल. मला बोलावंसुद्धा लागणार नाही. पण तुम्ही तो कागद टेबलावर ठेवून म्हणालात, यांनी नळी गार ठेवून मारल्या असणार, विकणाऱ्यांचा कागद तो. “माझ्याकडे तुझा कागद आहे. तुझा हात स्थिर आहे, हे मी बघितलंय.” काकू पोहे घेऊन आल्या. मी पोहे खाल्ले.

तेव्हा बोललो असतो तरी चाललं असतं. नाही बोललो, कारण आता बोलायचं म्हणजे सप्टेंबरपासूनचं सगळं सांगावं लागलं असतं. ऑफिसात असं कोणी केलं तर मी त्याला मीटिंगमध्ये उभं करतो.

फेब्रुवारीत तुम्हाला शर्टाचं बटण लावता येईना. मग पाय अडखळला, मग स्कॅन, मग डोक्यातली ती गाठ. ऑपरेशननंतर तुम्ही हळू बोलायचात, शब्द शोधत. मार्चची भारताची तिकिटं निखिलने कॅन्सल केली. त्या दिवशी तुम्ही माझ्याकडे बघून म्हणालात, सप्टेंबरात कळलं असतं तर अक्काला भेटून आलो असतो. अक्का नव्वदीच्या, फोनवर त्यांना ऐकू येत नाही. तुम्ही कोणाला दोष देत नव्हतात, नुसतं म्हणालात. नंतर एकदा, खोलीत आपण दोघंच होतो तेव्हा विचारलंत, तो कागद बरोबर होता ना रे. मी म्हटलं, काका, आता कशाला तो विषय, आराम करा. आणि उशी नीट केली. तुम्ही माझ्याकडे बघत राहिलात आणि मग डोळे मिटलेत. तुम्हाला कळलं होतं की नुसते दमला होतात, हे मला आता कधीच कळणार नाही.

मी निखिलला विचारलं, आडवळणाने. तो किडनीचा डॉक्टर, पण त्याने सगळे रिपोर्ट वाचले होते. तो म्हणाला, लवकर कळून आयुष्य वाढलं असतं असं नाही सांगता येत. “But those five months would've been his own, you know?” ते पाच महिने त्यांचे स्वतःचे असते, हे त्याला इंग्रजीतच बोलता आलं. मला एवढ्यावर सुटल्यासारखं वाटायला हवं होतं, वाटलं नाही.

काका, तुमचे उपकार मोजायला बसलो तर तेही फार आहेत. माझी नोकरी जायची वेळ आली होती तेव्हा व्हिसाच्या भीतीने मला झोप येत नव्हती, आणि तुम्ही रोज संध्याकाळी फोन करून फक्त दुसऱ्याच कशाबद्दल तरी बोलायचात, चापाबद्दल, तांदळाच्या पिशव्यांबद्दल. या गावात मला कोणी उलटतपासणी न घेता घरात घेतलं असेल तर ते तुम्ही आणि काकूंनी. म्हणून तर तोंड उघडवत नव्हतं. ज्याच्यावर जीव असतो त्याला खरं सांगायचं धाडस मला कधी जमलेलं नाही. अश्विनी हे दहा वर्षं सांगतेय.

एवढं तुमच्यापाशी ठेवून मी गप्प बसलो असतो. कबूल करतो, तसंच ठरवलं होतं. पण तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी काकूंनी रायफल दिली तेव्हा चहा केला आणि माझ्यासमोर बसल्या. सप्टेंबरातच त्यांनी न्यूरॉलॉजिस्टची वेळ घेतली होती. तुमचा हात त्यांनाही दिसत होता. मंगळवारची वेळ होती. शनिवारी तुम्ही रेंजवरून आलात ते उड्या मारत, म्हणालात, मिलिंदचंही तेच येतंय, खोट यंत्रात आहे, कॅन्सल कर. आणि त्यांनी सोमवारी फोन करून कॅन्सल केली.

“मी भांडायला हवं होतं रे,” काकू म्हणाल्या. “चाळीस वर्षं प्रत्येक गोष्टीवर भांडले, आणि नेमकी त्या दिवशी नाही भांडले. माझ्या हातानं फोन केला मी.”

चहा होता माझ्या हातात. मी तो प्यायलो, काका. वाईट वाटून घेऊ नका, असं काहीतरी पुटपुटलो आणि रायफल गाडीत ठेवून घरी आलो. पुढे रोज संध्याकाळी मी त्यांना फोन करतो, आणि रोज त्या कुठल्या ना कुठल्या वाटेने त्या सोमवारवर येतात. परवा म्हणाल्या, रात्रीची गोळी घेऊनही झोप लागत नाही. माझं ओझं त्या वाहतायत आणि मी त्यांना प्राणायाम करा म्हणून सांगतोय.

मंडळाच्या अंकासाठी तुमच्यावर लिही, असं मला सांगण्यात आलंय. आधी एक लिहिलंही होतं, त्यात तुमचा मिश्किलपणा आणि सोवळ्यातला टेबलाखालचा प्रसंग होता, वाचून लोकांना बरं वाटलं असतं. ते फाडलं. हे आत्ताचं देणार आहे. पण काकूंना हे छापलेल्या पानावर कळावं, एवढा नालायक मी नाही. उद्या रविवार. सकाळी दहाला येतो असं मी त्यांना फोनवर सांगितलंय, कशाला ते सांगितलेलं नाही. त्यांनी पोह्यांचं विचारलं, मी नको म्हणालो, त्यांना नवल वाटलं.

तिथे जाऊन विहिरीचा इतिहास सांगायला लागेन, मला माहीत आहे. म्हणून पहिलं वाक्य आत्ताच पाठ करून ठेवतोय, उंबऱ्यातच म्हणायचं, चपला काढायच्या आधी. काकू, ती अपॉइंटमेंट तुम्ही नाही, मी कॅन्सल केली.